बारकसच्या अरबांवर पटकथा लिहिताना

हैदराबादच्या दक्षिणेला, चांद्रायणगुट्ट्याच्या पुढे, बारकस नावाची वस्ती आहे. निजामाच्या फौजेतील अरब शिपायांच्या बराकी तिथे होत्या आणि त्यांचे वंशज आजही तिथे राहतात. बहुतेकांचे पूर्वज येमेनमधील हद्रमौत या प्रदेशातून आलेले आहेत. या वस्तीतील एका कुटुंबाच्या हकिकतीवर आधारलेली, सुमारे चाळीस मिनिटांच्या चित्रपटाची पटकथा मी आणि बारकसमध्येच वाढलेल्या माझ्या एका सहलेखकाने मिळून लिहिली. २०२३ च्या पावसाळ्यात सुरू झालेले हे काम एप्रिल २०२५ मध्ये कॉपीराइटच्या नोंदणीचे प्रमाणपत्र आले तेव्हा कागदोपत्री पूर्ण झाले. दप्तरखाने, संमतिपत्रे, नोंदणी आणि करारनामा या वाटेवर नव्याने उतरणाऱ्या लेखकांना काही गोष्टी आधीच ठाऊक असाव्यात, म्हणून हे सविस्तर लिहीत आहे.

मी मूळची परभणीची. मराठवाड्यात अरब शिपायांच्या वंशजांचे चाऊस हे आडनाव कोणाला नवे नाही. शाळेत, मोंढ्यात, नगरपालिकेत चाऊस मंडळी असतातच, आणि त्यांचे मराठी आमच्याइतकेच परभणीचे असते. इथल्या कागदपत्रांत बहुतेकांचे एवढेच आडनाव उरले आहे; बारकसमध्ये मात्र बा, बिन, अल अशा उपपदांनिशी घराण्यांची जुनी नावे अजून चालतात. अरब शिपाई मराठी इतिहासातही ठायी ठायी भेटतात. १ जानेवारी १८१८ रोजी कोरेगावच्या लढाईत पेशव्यांच्या बाजूने लढलेल्या पायदळात अरब होते, आणि त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात मालेगावचा किल्ला इंग्रजांविरुद्ध लढवला तोही अरब शिबंदीनेच. आपल्या पडद्यावर मात्र अरब आला की तो तेलाच्या पैशातला शेख असतो, नाहीतर व्याजासाठी दारात बसणारा सावकार. परभणीत लहानपणापासून पाहिलेली माणसे या दोन्हींत कुठेच बसत नव्हती, आणि ही पटकथा लिहिण्याचे मुख्य कारण तेच होते.

कोणत्या काळावर लिहायचे याबद्दल आमच्या मनात शंका नव्हती. सप्टेंबर १९४८ मधील पोलीस कारवाईनंतर हैदराबाद संस्थान भारतात विलीन झाले. १७ सप्टेंबर हा दिवस मराठवाड्यात मुक्तिसंग्राम दिन म्हणून साजरा होतो, माझ्या घरातही तो अभिमानाने साजरा होत आला आहे. त्याच कारवाईनंतर संस्थानातील अनेक अरबांना अटकेत ठेवण्यात आले आणि त्यांतील पुष्कळांना एडनच्या मुलखात, म्हणजे हद्रमौत ज्यात येई त्या तेव्हाच्या इंग्रजी अंमलाखालील दक्षिण येमेनमध्ये, परत पाठवण्यात आले. ज्यांचा जन्म इथला, ज्यांच्या बायका इथल्या, ज्यांची मुले इथे शाळेत जात होती, अशा माणसांना आपण इथले आहोत हे अचानक सिद्ध करावे लागले. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत, आणि पटकथेत त्या एकमेकींना न पुसता एकत्र राहिल्या पाहिजेत, असे आम्ही पहिल्याच बैठकीत ठरवले.

ऑगस्ट २०२३ मध्ये कागदांचा शोध सुरू झाला. हैदराबादच्या तारनाका भागात राज्य अभिलेखागार आहे. दप्तरखान्यात जाण्याआधी ओळखपत्राची प्रत, अभ्यासविषयाचे एक पानी टिपण आणि एखाद्या महाविद्यालयाचे किंवा संस्थेचे शिफारसपत्र जवळ ठेवावे. पटकथालेखक कोणत्याच संस्थेचा नसतो, त्यामुळे हे पत्र मिळवण्यातच वेळ जातो. माझ्या जुन्या महाविद्यालयातील इतिहासाच्या सरांनी ते दिले, आणि त्यात माझा विषय नेमक्या शब्दांत लिहिला याचा पुढे फार उपयोग झाला. ‘हैदराबादचा इतिहास’ असे मोघम लिहिलेत तर समोरच्या कर्मचाऱ्याला कोणती सूची काढून द्यावी हेच कळत नाही. ‘१९४८ ते १९५२ या काळातील अरब रहिवाशांबाबतचा पत्रव्यवहार’ असे लिहिलेत तर शोध लगेच सुरू होतो.

दुसरी अडचण सनांची. निजामाच्या राज्यात फसली सन चाले आणि त्याचे वर्ष ऑक्टोबरच्या सुरुवातीला बदले. फसली सनात ५९० मिळवले की ते वर्ष इसवी सनाच्या कोणत्या ऑक्टोबरात सुरू झाले ते कळते. म्हणजे पोलीस कारवाईचा सप्टेंबर १९४८ हा १३५७ फसलीचा शेवट, आणि त्यानंतरची धरपकड बहुतांशी १३५८ मध्ये पडते. हे कोष्टक वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवावे. जुने कागद उर्दूत, पुष्कळदा घाईच्या शिकस्ता लिपीत असतात. मला छापील उर्दू वाचता येते, शिकस्ता येत नाही. जुन्या शहरातील एका निवृत्त मुन्शींनी पानाला तीनशे रुपये दराने वाचन आणि लिप्यंतर करून दिले. सगळीच पाने त्यांच्याकडे देऊ नयेत. आधी त्यांच्याबरोबर बसून प्रत्येक पानाचा विषय एका ओळीत लिहून घ्यावा, आणि कामाची तेवढीच पाने पूर्ण वाचून घ्यावीत. खर्च निम्म्याहून कमी होतो.

याच महिन्यांत मी राज्यघटनेचे पाचवे कलम पुन्हा वाचले. २६ जानेवारी १९५० रोजी ज्याचा अधिवास भारतात आहे आणि ज्याचा जन्म इथला आहे, किंवा ज्याच्या आईवडिलांपैकी एकाचा जन्म इथला आहे, किंवा जो त्याआधी किमान पाच वर्षे इथे सामान्यतः राहत आला आहे, तो नागरिक. वाचायला सरळ वाटते. पण आमच्या कथेतील आजोबांचा जन्म हद्रमौतचा, नोकरी हैदराबादची, आणि १९४९ मध्ये त्यांना बोटीवर चढवलेले. त्यामुळे १९५० च्या त्या दिवशी ते इथे नव्हतेच. घरात मागे राहिलेली तीन वर्षांची मुलगी मात्र कलमाच्या पहिल्याच ओळीने नागरिक. बापलेकीच्या मधोमध एक तारीख उभी होती, आणि पटकथेचा कणा मला तिथे सापडला. पटकथेचे नावही तेव्हाच ठरले, ‘दाखला’.

बारकसमध्ये मी पहिल्यांदा राहिले ते डिसेंबर २०२३ मध्ये. परभणीहून रात्रीच्या अजिंठा एक्स्प्रेसने काचीगुड्याला उतरायचे, आणि तिथून पुढे रिक्षा. शुक्रवारी दुपारी कोणाला भेटायची वेळ मागू नये, आणि दुपारच्या झोपेच्या वेळीही नाही. असरच्या, म्हणजे उतरत्या दुपारच्या, नमाजानंतर वस्ती मोकळी होते. पुरुष लुंगीत ओट्यांवर बसलेले, मैदानात फुटबॉल, आणि मंडी या अरबी पदार्थाच्या हॉटेलांतून भात-मटणाचा वास. बायकांच्या खोलीत सहलेखकाला प्रवेश नव्हता आणि ओट्यावरच्या गप्पांत मी अवघडून जाई. त्यामुळे आमच्या कामाची वाटणी आपोआप झाली आणि ती शेवटपर्यंत तशीच राहिली. अशा विषयावर एकट्याने लिहू नये असे माझे ठाम मत आहे. वस्तीतला माणूस साहाय्यक म्हणून नको, लेखक म्हणून हवा, आणि ते पहिल्या दिवशी लेखी ठरावे.

आम्ही दोघांनी हे शंभर रुपयांच्या मुद्रांकावर लिहून घेतले: श्रेय समान, उत्पन्न समान, आणि दोघांच्या सहीशिवाय हक्क कोणाला द्यायचे नाहीत. आता महाराष्ट्रात अशा कराराला शंभराचा मुद्रांक चालत नाही; ऑक्टोबर २०२४ पासून पाचशेचा लागतो.

ज्या खालांच्या (मावशींच्या) आठवणींवर कथा उभी आहे, कथेतली मागे राहिलेली मुलगी ज्यांच्यावरून घेतली, त्यांचे नाव आणि घराची खूण मी इथे देत नाही. त्यांनी संमतिपत्रावर अंगठा द्यायला नकार दिला. “बातां कित्ते बी पूछ लेओ अम्मा, कागज पो अंगूठा नक्को,” असे त्या म्हणाल्या, आणि त्यांचे कारण अगदी सरळ होते. त्यांच्या आईने अंगठा दिला होता, त्यानंतर वडील आले नाहीत. निर्मात्यांना आणि महोत्सवांना मात्र संमतीचा पुरावा लागतो. शेवटी आम्ही एक मार्ग काढला. सहलेखकाने संमतिपत्र दख्खनी उर्दूत मोठ्याने वाचले, खालांनी प्रत्येक मुद्द्यावर ‘हौ’ किंवा ‘नक्को’ म्हटले, आणि ते सगळे तारखेसह ध्वनिमुद्रित केले. त्यात खोटी नावे वापरावीत, घराचा दर्शनी भाग दाखवू नये आणि लेखन पूर्ण झाल्यावर त्यांना वाचून दाखवावे, अशा तीन अटी आल्या. ध्वनिमुद्रणाची एक प्रत त्यांच्या नातवाच्या फोनवर ठेवली. पुढे आमचा करार तपासणाऱ्या वकिलांनी हा पुरावा पुरेसा मानला.

दुसऱ्या दिवशी खालांनी आपणहून पत्र्याची पेटी उघडली. तिच्यात वडिलांच्या पगाराची उर्दू पावती होती, रेशनकार्डाची एक जुनी, घड्यांवर फाटलेली प्रत होती, आणि एक लिफाफा होता. लिफाफ्यावरच्या तिकिटावर शिहर आणि मुकल्ला या हद्रमौतच्या बंदरांवर राज्य करणाऱ्या क्वाइती सुलतानाचे चित्र, आणि किंमत आण्यांत. एडनच्या त्या मुलखात १९५१ पर्यंत भारतीय रुपयाच चालत असे, आणि या सुलतानांच्या घराण्याची दौलतही निजामाच्या चाकरीतून, जमादारीतून म्हणजे अरब तुकड्यांच्या सरदारकीतून उभी राहिली होती. म्हणजे आजोबांना ज्या ‘मायदेशी’ धाडले, तिथले राज्य हैदराबादच्या पगारावर वाढलेले, आणि तिथल्या तिकिटावर आपलेच आणे. लिफाफ्यात पत्र नव्हते. ते कधी हरवले हे खालांना आठवत नव्हते, पण त्यातला मजकूर आईकडून ऐकून त्यांना पाठ होता: इथे धान्य नाही, पैसे पाठवू नका कारण पोचत नाहीत, मुलीला शाळेत घाला.

धान्य नसण्याचे कारण मी नंतर वाचून काढले. हद्रमौत परदेशी गेलेल्यांच्या पैशावर जगणारा मुलूख होता. जपानने १९४२ मध्ये जावा आणि सिंगापूर घेतल्यावर तिकडून येणारा पैसा थांबला आणि १९४३-४४ मध्ये भयंकर दुष्काळ पडला. १९४८-४९ मध्ये पुन्हा पडला. हैदराबादहून परत पाठवलेली माणसे या दुसऱ्या दुष्काळात जाऊन उतरली. पटकथेत यातले काहीच कोणी समजावून सांगत नाही. आजोबा पत्र लिहायला बसतात, आणि ताटात खजुरांच्या बिया आहेत, एवढाच प्रसंग आहे.

लेखनाला आम्ही जानेवारी २०२४ मध्ये बसलो. कथेचा दुसरा धागा नातवाचा आहे. तो जेद्दाहमध्ये एका गोदामात नोकरी करतो. जेद्दाहमधील कित्येक मोठी व्यापारी घराणी मूळची हद्रमौतचीच आहेत. नातवाचा कफील, म्हणजे ज्याच्या हमीवर त्याचा इक़ामा (तिथे राहण्याचा परवाना) चालतो तो मालक, त्याच आडनावाचा निघतो. तो पासपोर्टावरचे नाव वाचतो, थांबतो आणि गाव कोणते म्हणून विचारतो. नातू गावाचे नाव बरोबर सांगतो. मग कफील विचारतो की तिथली विहीर मशिदीच्या कोणत्या अंगाला आहे, आणि नातू गप्प राहतो. कफील पासपोर्ट फाइलीत ठेवतो आणि पुढच्या माणसाला बोलावतो. हा प्रसंग सहलेखकाने एका बैठकीत लिहिला आणि मी त्यातला एकही शब्द बदलला नाही. त्याचे स्वतःचे दोन भाऊ आखातात आहेत.

संवादांच्या भाषेवर आम्ही बराच काळ घालवला. घरातले बोलणे दख्खनी, नमाज आणि नावे अरबी, जेद्दाहमधले बोलणे मोडके अरबी, आणि परभणीच्या चाऊस आत्याबाई येतात तेव्हा मराठवाडी मराठी. सगळे देवनागरीत लिहिले, आणि प्रत्येक संवादाच्या आधी भाषा नोंदवली. पटकथेचे काही सॉफ्टवेअर देवनागरीत जोडाक्षरे मोडतात. आम्ही साध्या गूगल डॉक्सवर समास आखून काम केले आणि शेवटी पीडीएफ केली. अरबी ओळी खाली अर्थासह दिल्या, कारण वाचणारा निर्माता त्या ओलांडून पुढे जातो आणि नेमका तिथेच प्रसंग असतो.

मार्चमध्ये रमजान लागला. त्या महिन्यात कोणाचीही मुलाखत घ्यायची नाही असे आम्ही ठरवले होते, पण इफ्तारला बोलावले की मी जात असे. बारकसचा हरीस तेव्हाच खाल्ला. हैदराबादी हलीमचे मूळ याच अरबी हरीसात आहे असे तिथे सगळेच सांगतात; त्यात मसाला जवळजवळ नसतो, गहू आणि मांस घोटून एकजीव केलेले असते.

वस्तीतल्या लोकांपुढे पटकथेचे वाचन मेमध्ये करायचे होते, पण १३ मे २०२४ रोजी हैदराबादेत लोकसभेचे मतदान होते. निवडणुकीच्या दिवसांत वस्तीत पंचवीस-तीस माणसे एकत्र बसवणे नको, असा सल्ला सगळ्यांनी दिला. तो ऐकून आम्ही जूनमध्ये एका घराच्या गच्चीवर वाचन केले, आणि खालांना त्याआधी त्यांच्या खोलीत वेगळे वाचून दाखवले. खालांनी एकच बदल सांगितला: बोटीवर चढताना वडील रडतात ते काढा, कारण ते रडले नव्हते, त्यांनी भाड्याचा हिशेब सांगितला होता. गच्चीवरच्या म्हाताऱ्या पहिलवान चाचांना लग्नाच्या प्रसंगातील संगीताबद्दल बोलायचे होते. तिथे फक्त ‘पारंपरिक वाद्ये’ एवढेच लिहिले होते. बारकसच्या लग्नात मरफा (ढोलांच्या तालाचे अरबी वादन) वाजतो, तो कोण वाजवतो, वरातीतले नाचणारे हातात काय धरतात, हे त्यांनी उभे राहून दाखवले, आणि ते सारे जसेच्या तसे प्रसंगात उतरले. वाचनाला आलेल्या प्रत्येकाला जेवण आणि येण्याजाण्याचे पैसे द्यावेत. आमचा त्यावर सुमारे नऊ हजार रुपये खर्च झाला, आणि तो मी सगळ्यांत योग्य जागी झालेला खर्च मानते.

जुलै २०२४ मध्ये नोंदणी केली. मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे सभासदांना पटकथा ऑनलाइन नोंदवता येते. शुल्क पानांच्या संख्येवर ठरते आणि काम झटपट होते. त्यासोबत आम्ही केंद्राच्या कॉपीराइट कार्यालयाकडेही अर्ज केला. साहित्यकृतीसाठी नमुना चौदा भरावा लागतो आणि शुल्क पाचशे रुपये आहे. शुल्क भरताच डायरी क्रमांक मिळतो, त्यानंतर तीस दिवस हरकतींसाठी ठेवलेले असतात आणि मग छाननी होते. दोन लेखक असतील तर दोघांची नावे, पत्ते आणि सह्या ओळखपत्राशी अक्षरशः जुळल्या पाहिजेत. सहलेखकाचे नाव आधारवर एका तऱ्हेने आणि पासपोर्टवर दुसऱ्या तऱ्हेने लिहिलेले होते, उपपद कुठे जोडलेले आणि कुठे तुटलेले. अरबी नावे असणाऱ्यांनी ही दुरुस्ती अर्जाच्या आधीच करून घ्यावी. लेखकाचा हक्क लिहिताक्षणीच निर्माण होतो, नोंदणी सक्तीची नाही. पण वाद झाल्यास ती पुरावा म्हणून उपयोगी पडते. आणि कल्पनेला संरक्षण नसते, लिहिलेल्या मजकुराला असते, म्हणून दोन पानी सारांशापेक्षा पूर्ण पटकथा नोंदवावी.

प्रमाणपत्राची वाट पाहत असतानाच आम्ही पटकथा निर्मात्यांना पाठवू लागलो. एका लेखन कार्यशाळेकडून नकार आला. एका निर्मात्यांना कथा आवडली, परंतु नातवाला वाळवंटाची ओढ लागलेली दाखवावी आणि शेवटी तो हद्रमौतला पोचावा, अशी त्यांची अट होती. आम्ही दोघांनी एकमताने नाही म्हटले. येमेनमध्ये २०१४ पासून युद्ध पेटलेले आहे, बारकसमधील कोणीही तिथे ‘परत’ जाण्याची भाषा करीत नाही. ज्या माणसाला ओढ परभणीच्या आत्याची आणि बारकसच्या मैदानाची आहे, त्याला वाळूत उभे करून त्याचे मूळ दाखवणे खोटे झाले असते. त्या दिवशी मन उदास होते हे मात्र खरे, कारण त्या निर्मात्यांकडे पैसा होता.

फेब्रुवारी २०२५ मध्ये एका लहान निर्मितीसंस्थेने अठरा महिन्यांसाठी हक्क राखून ठेवण्याचा करार केला. त्यापोटी मिळालेल्या पन्नास हजारांत आमचा झालेला खर्च जेमतेम निघाला. असा करार करताना कॉपीराइट कायद्याचे एकोणिसावे कलम वाचावेच. हक्कहस्तांतर लेखीच हवे. मुदत लिहिलेली नसेल तर ती पाच वर्षे धरली जाते, प्रदेश लिहिलेला नसेल तर भारतापुरता धरला जातो, आणि घेणाऱ्याने वर्षभरात हक्क वापरला नाही तर, करारात वेगळे ठरलेले नसल्यास, तो संपुष्टात येतो. आमच्या करारात अठरा महिने स्पष्ट लिहिले आहेत. वकिलांनी तपासणीचे सहा हजार घेतले. आम्ही दोन कलमे आग्रहाने घातली: संवादांच्या भाषा लेखकांच्या लेखी संमतीशिवाय बदलायच्या नाहीत, आणि खालांच्या तिन्ही अटी निर्मात्यावरही बंधनकारक राहतील. दुसऱ्या कलमाला निर्मात्यांनी लगेच होकार दिला, पहिल्यावर पाच आठवडे बोलणी चालली.

चित्रीकरण ठरले की वस्तीत छायाचित्रणासाठी पोलिसांची आणि महापालिकेची परवानगी काढावी लागेल, त्याची तयारी सहलेखकाने सुरू केली आहे. खालांना मुद्रित पटकथेची उर्दू प्रत हवी होती. ती मुन्शीजींनी मेमध्ये लिहून पूर्ण केली आणि आता नातू त्यांना रोज थोडी थोडी वाचून दाखवतो. ज्यांना दख्खनी उर्दूतील संमतिपत्राचा मसुदा किंवा फसली सनांचे कोष्टक हवे असेल त्यांनी कळवावे, मी पाठवीन.